आणि इतर

सेतू केंद्रात अकरा वाजता लाइट आली
आणि तिच्या मागोमाग अंताराम लांजेवार.
थैलीत कागद, कागदांना सुतळी.
"मानधनाचा फारम भरून दे बाबू,
म्हाताऱ्या कलावंताले सरकार देते म्हनतात."

नाव, वय, आधार, मु. पो. :
इथवर बरं चाललं.
मग रकाना उघडला, कलेचा प्रकार.
कीर्तनकार, शाहीर, वादक,
प्रमुख नट, इतर.
काय टाकू?

तो खुर्ची ओढून बसला.
सत्तावीस हंगाम.
दिवाळी सरली की वडशाहून ट्रक निघे,
खाली पडदे, पेटी, जनरेटर,
वर आम्ही, आमच्यावर थंडी.
ज्या गावी शंकरपट त्या गावी नाटक,
दिवसा बैल धावत
अन् रात्री आम्ही.
पहिल्या अंकात इन्स्पेक्टर,
दुसऱ्यात डॉक्टर, तिसऱ्यात प्रेत.

"प्रेत सोपं नसते बाबू.
हिरोईन छातीवर पडून रडते,
तिचं रडनं संपतवर
श्वास पोटातून घ्या लागते.
छाती हालली का पब्लिक हासते."

मी मान हलवली. बोललो नाही
की मी सात वर्षांचा असताना
तणसावर बसून त्याचा डॉक्टर पाहिला होता.
"चोवीस तास काही सांगता येणार नाही,"
हे एवढंच वाक्य असायचं त्याला, सगळ्या नाटकांत.
माझं अंग तव्यासारखं तापलेलं.
बाबांनी मला उचलून पडद्यामागं नेलं,
गावात दुसरा डॉक्टर होताच कुठं?
त्यानं खरी नळी काढली
(नागभीडच्या कंपाउंडरकडून घेतलेली, जुनी)
माझ्या छातीला लावली,
तोंड उघडलं, चोवीस तास म्हणाला
आणि थांबला.
अर्धी मिशी उपटून हातात घेतली.
"याले आत्ताच्या आत्ता ब्रम्हपुरीले न्या."
कंपनीची जीप दिली.
त्या रात्री तिसऱ्या अंकात
प्रेत उशिरा आलं म्हणे,
मालकानं पगारातून पन्नास कापले.

त्याला हे काही आठवत नसावं.
मी इतर निवडलं.

पुरावे जोडा.
सुतळी सुटली. हँडबिलं, पिवळी, गुलाबी.
वर नायकाचं नाव बोटाएवढं जाड,
खाली नायिका, मग विनोदवीर, मग नर्तकी,
तळाशी प्रेसच्या पत्त्याच्या वर
मुंगीएवढं : आणि इतर.
"हा मी," त्यानं बोट ठेवलं.
एका फोटोत त्याचा कान आहे आणि खांदा.
दुसऱ्यात नुसती सावली,
पण टोपी इन्स्पेक्टरची, ओळखू येते.

"पिच्चरमंदी पन होतो."
नवेगावच्या जंगलात शूटिंग आलं होतं,
तो वनरक्षक, तीन दिवस, एक वाक्य.
टीव्हीवर लागला त्या रात्री
ग्रामपंचायतीत अख्खं टोली जमलं.
वाक्य आलं नाही. तोंडही आलं नाही.
आला फक्त एक हात, कंदील धरलेला,
आणि मागून त्याची बायको ओरडली,
"थो पाहा, थो पाहा, त्याईचंच बोट!"
अर्धं बोट भातगिरणीच्या पट्ट्यात गेलेलं.
ती आता नाही.

मी मोबाइलवर तो पिक्चर शोधला,
एक तास एकेचाळीस मिनिटांवर थांबवला.
हात, कंदील, साडेचार बोटं.
पुरावा क्रमांक चार.
फाइल मोठी आहे, मशीन म्हणालं.
लहान केली. आणखी लहान करा, म्हणालं.
केली. कंदील विझल्यासारखा झाला,
बोट मात्र दिसत राहिलं.

शेवटी फोटो. कॅमेऱ्याकडं पाहा, काका.
त्यानं केस बसवले, गळ्यातला दुपट्टा सारखा केला.
"कोनाचा चेहरा करू?"
तुमचाच.

त्यानं भुवया चढवल्या. उतरवल्या.
जबडा आवळला, सैल सोडला,
डोळ्यांत डॉक्टर येऊन गेला.
हसून पाहिलं, जमेना.
बाहेर सोसायटीचे दोन गडी आपसात कुजबुजले.
"थांब जरा," म्हणाला, "येते."

तेवढ्यात लाइट गेली.
पंखा हळूहळू थांबला.
अंधारात तो तसाच बसून राहिला,
नजर कॅमेऱ्यावर,
छाती हलू न देता
श्वास पोटातून घेत.